अर्ध्या घराची वास्तुशांत

आधी चहा घ्या. खारी पण घ्या, कारण हा किस्सा संपेपर्यंत मी कुणाला उठू देणार नाही. इस्लामपूरच्या स्टँडवर उतरून माझ्या घराचा नुसता पत्ता विचारून बघा. रिक्षावाला म्हणेल, "ते अर्ध्या रंगाचं घर व्हय? बसा की!"

अर्ध्या रंगाचं घर! माझंच ते. आणि तुम्हाला वाटेल रंग संपला असेल, नाहीतर पैसे संपले असतील. छे हो! मी मुद्दाम, मोजूनमापून, टेप लावून अर्धं रंगवलंय. हसू नका, अजून हसायची वेळ आली नाही.

मी मंगल. घरीच ब्लाऊज शिवते. आमचे मालक साखर कारखान्याच्या वर्कशॉपात आहेत. माणूस देवभोळा आणि बायकोभोळा. मी सांगितलं म्हणजे ते बरोबरच असणार, अशी त्यांची श्रद्धा होती. होती, म्हणते मी.

घरातला पैशाचा कारभार माझ्या हातात. का नसावा? आमच्या गल्लीतली भिशी मी चालवते. वीस बायका, वीस महिने. दर महिन्याला प्रत्येकीनं सारखी रक्कम टाकायची, चिठ्ठी निघेल तिनं सगळी उचलायची. इतकी वर्षं झाली, रुपया इकडचा तिकडं नाही. कुणी हप्ता चुकवला तर मी तिच्या दारात जाऊन बसते, मग ती चहा देते आणि पैसेही देते. असा आपला दरारा!

दहा वर्षांपूर्वी आम्ही प्लॉटवर चार खोल्या बांधल्या. बँकेनं वीस लाख दिले, वीस वर्षांसाठी. तिथले साहेब मला बराच वेळ काहीबाही समजावत होते, व्याज, मुद्दल, दर असा, दर तसा. मी मान हलवत होते. माझं लक्ष दोनच गोष्टींकडं. वीस लाख आणि वीस वर्षं. म्हटलं, अगं बाई, ही तर भिशीच की! फक्त इथं पहिली चिठ्ठी माझीच निघाली. पैसे आधी उचलले, आता वीस वर्षं हप्ते टाकायचे. यात न कळण्यासारखं काय आहे? व्याज थोडंफार असेल इकडंतिकडं, बँकवाल्यांनाही चहापाणी लागतंच.

इथं माझ्या वडलांची ओळख करून देते, कारण सगळा घोळ त्यांच्यापायी झाला. नाही, खरं सांगायचं तर माझ्यापायी झाला. पण त्यांच्यासाठी झाला.

आमचं माहेर वडूजच्या पलीकडं, माळावर. पाऊस तिकडं पाहुण्यासारखा येतो, चहा पिऊन जातो. आमचं घराणं मेंढरंवालं. दिवाळी उरकली की आबा कळप घेऊन खाली कृष्णाकाठाला उतरायचे. ज्याचं रान मोकळं असेल त्या मालकाला विचारायचं आणि मेंढरं रात्रभर तिथं बसवायची. लेंड्यांचं खत रानाला मिळायचं, त्या बदल्यात मालक जोंधळे द्यायचा. आबांचा अर्धा जन्म असा लोकांच्या रानात पाठ टेकण्यात गेला. पुढं गुडघे धरले, मेंढरं विकली. त्या दिवशी आबांनी ठरवलं, आता परक्याच्या जागेत मुक्काम करायचा नाही. झोपायचं तर आपल्या जागेत.

आमच्या वास्तुशांतीला आबा आले, पोटभर जेवले, भिंतीला हात लावून बघितला. संध्याकाळी काठी उचलली.

"आबा, ऱ्हावा की आजच्या दिवस."

"घर कुणाचं गं?"

"आमचं!"

"कागद कुठं हायती?"

"बँकेत," आमचे मालक बोलले. यांना नको तिथं तोंड फुटतं.

"मग घर बँकेचं. लेकी, बँकेच्या वाड्यात मी कशाला निजू? निम्मं तरी तुजं हू दे. मग सांग, घोंगडं घिऊन येतो."

आणि दहा वर्षं आबांनी ते पाळलं हो! सकाळच्या एसटीनं यायचं, संध्याकाळच्या एसटीनं जायचं. माझं अपेंडिक्सचं ऑपरेशन झालं तेव्हा दिवसभर उशाशी बसले, कपाळावरनं हात फिरवला आणि पाच वाजता स्टँडवर. त्यांच्यासाठी मी एक खाट घेऊन ठेवली होती. तिच्यावर दहा वर्षं माझ्या गिऱ्हाइकांच्या ब्लाऊजपिसांचे गठ्ठे निजले. मला लय वाईट वाटायचं. आपल्या घरात आपला बाप सकाळी उठून चुळा भरतोय, ओट्याशी बसून चहा मागतोय, एवढंच बघायचं होतं मला.

म्हणून मी वाट बघत होते. वीसची दहा कधी होतात!

आणि झाली. या मार्चमध्ये दहा वर्षं पूर्ण. वीस वर्षांची भिशी निम्मी फिटली म्हणजे घर निम्मं आमचं. आहे की नाही सरळ? मालकांना म्हटलं, "निम्म्या घराची वास्तुशांत घालायची. आबांना मुक्कामाला बोलवायचं."

"निम्म्याची? असं कोण करतं?"

"आपण करतोय. आता सांगा, कुठलं निम्मं आपलं?"

इथनं माझ्या अंगात वारं शिरलं. गळ्यातली टेप काढली आणि घर मोजायला घेतलं. समोरून मध्य काढला, खडूनं रेघ मारली, थेट हॉलमधनं मागच्या खोलीपर्यंत. उजवीकडचं आपलं, डावीकडचं बँकेचं. स्वयंपाकघर आपल्याकडं, देवघर आपल्याकडं, टीव्ही बँकेकडं गेला. जाऊ दे म्हटलं, तसंही मालक त्याच्यापुढनं हलत नाहीत.

"आगं, पण संडास बँकेत गेला!" मालक मागनं ओरडले.

खरंच की! आबांनी रात्री उठायचं आणि बँकेच्या हद्दीत जायचं? ते एसटी स्टँड गाठतील. मग मी रेघेला एक वळण दिलं. संडास आपल्यात ओढला आणि तेवढाच तुकडा हॉलमधनं बँकेला सोडला. माझा व्यवहार चोख असतो.

त्या दिवसापासून मी बँकेचं अर्धं घर झाडणंच सोडलं. बँकेनं झाडावं की! मालक खुर्ची घेऊन तिकडं टीव्ही बघत बसले की मी म्हणायची, "साहेबांकडं बसलाय व्हय? बसा, बसा."

मग रंग. बाहेरनं उजवी बाजू झकास आंब्याच्या रंगात, डावी तशीच, शेवाळलेली. रंगारी दोनदा विचारून गेला, "ताई, नक्की हितंच थांबू?" म्हटलं, "ब्रश रेघेच्या पलीकडं गेला तर मजुरी कापीन." येणारे-जाणारे उभे राहून बघायला लागले. दूधवाला म्हणाला, "मंगलताई, भावाभावात वाटणी झाली का?" त्याला म्हटलं, "बँकेत आणि माझ्यात झालीय!" काय तोरा होता माझा त्या दिवसांत!

आता रंग, मांडव, मटणाचं जेवण, हलगीवाला, फ्लेक्स. पैसा लागणारच. गेले बँकेत. काउंटरवरची मुलगी म्हणाली, "मॅडम, तुमचे हप्ते वेळेवर आहेत. त्याच घरकर्जावर लाखभर टॉप-अप देऊ." मी एकच विचारलं, "हप्ता वाढणार का?" ती म्हणाली, "नाही, हप्ता तोच. फक्त मुदत वाढेल."

मुदत म्हणजे काय? वेळ! वेळ काय, फुकटच असतो. सही कुठं करायची तेवढं दाखव म्हटलं.

हो हो, कळलं मला तुम्हाला काय म्हणायचंय. निम्मं कर्ज फिटल्याच्या आनंदात कर्ज काढलं. आत्ता कळतंय हो! तेव्हा माझ्या डोक्यात हलगी वाजत होती.

आबांना फोन केला. "आबा, निम्मं घर आमचं झालं. घोंगडं घिऊन या."

आबा म्हणाले, "खरंच व्हय गं?"

"आवं खरंच! बँकेचं सायबच येऊन सांगणार हायती तुमाला."

आणि फोन ठेवल्यावर मला साहेबांना बोलवायचं सुचलं. जे बोलून बसले ते खरं करायला नको? बँकेत नवीन साहेब आलेले, साताऱ्याचे, तरुण, भले. म्हटलं, "आमच्या घरी कार्यक्रम आहे, प्रमुख पाहुणे तुम्ही." ते म्हणाले, "कशाचा कार्यक्रम?" म्हटलं, "या तर खरं!"

कार्यक्रमाच्या दिवशी सगळी भिशी हजर, कारखान्याची मंडळी हजर, दारात फ्लेक्स. 'आमचे अर्धे घर आमचे झाल्याबद्दल स्नेहभोजन'. त्यावर आबांचा पटक्यातला मोठा फोटो. आबा सकाळीच आले होते. काखेत घोंगडं, हातात काठी. रेघ बघून घेतली आणि आमच्या बाजूला, भिंतीला टेकून बसले. संडास कुठल्या बाजूला तेही विचारलं. मी मालकांकडं असं काही बघितलं!

साहेबांना फेटा बांधला, नारळ दिला. हलगीवाल्याला मी आधीच बजावलं होतं, "साहेबांनी आकडा सांगितला की वाजवायचं, जोरात." मग माईक धरला आणि म्हणाले, "साहेब, आता तुमच्याच तोंडानं ऐकवा, आमचं किती फिटलं."

साहेबांनी माझा खाते नंबर घेतला, मोबाईलवर बघितलं. परत बघितलं. फेट्याखालनं घाम आला त्यांना.

"मॅडम, आपण जरा आत बोलूया का?"

"आत कशाला? चोरीचं आहे का घर? माईकवर बोला!"

"माईकवर! माईकवर!" मांडव ओरडायला लागला.

साहेबांनी घसा साफ केला. "यांचं मूळ कर्ज वीस लाख."

धडाड धडाड हलगी!

"आजवर भरले तेवीस लाख."

हलगी! टाळ्या! मी पण वाजवल्या. मग मीच दचकले. तेवीस? मागनं कारखान्याचा एकजण ओरडला, "वयनी, बँकेकडनं तीन लाख येणं हाय की तुमचं! सायबाला जाऊ दिऊ नगा!"

"आणि शिल्लक," साहेब खाली बघत म्हणाले, "पंधरा लाख."

टाळ्यांसाठी वर गेलेले हात तिथंच थांबले. हलगीवाल्यानं मात्र इमानानं वाजवली. आकडा ऐकला की वाजवायचं, एवढंच त्याला सांगितलेलं.

"साहेब, तुमचं गणित चुकलंय," मी माईकवरच म्हणाले. "विसातनं तेवीस गेले तर पंधरा उरतात का? आमच्या भिशीत असं होत नाही!"

"मॅडम, भिशीत तुमचेच पैसे फिरतात, तिथं व्याज नसतं. इथं राहिलेल्या मुद्दलावर व्याज असतं. अगदी पहिल्या हप्त्याचं बघा. एकोणीस हजारांतले साडेसोळा हजार व्याजातच गेले. मुद्दलातनं कमी झाले अडीच हजार. सुरुवातीची वर्षं अशीच जातात. शिवाय मधे दर वाढले, तेव्हा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली. मेसेज आला असेल तुम्हाला."

"आला हुता," आमचे मालक मांडवातनं बोलले. बघा, पुन्हा नको तिथं तोंड! "हप्ता तेवढाच हाय न्हवं, मग कशाला वाचत बसताय, असं हीच म्हनली."

"आणि परवाचं टॉप-अप लाखाचं. म्हणजे झाले सोळा. अजून बारा वर्षं हप्ते आहेत."

पुन्हा हलगी. मी हलगीवाल्याकडं बघितलं तेव्हा कुठं तो थांबला.

भिशीतल्या शैलानं तेवढ्यात मोबाईलवर हिशेब काढला. मैत्रिणी कशासाठी असतात? "मंगे, आतापर्यंतचं नि म्होरलं धरून पन्नास लाख हुत्यात गं तुज्या चार खोल्यांचं!"

"विसातलं पाच फिटलं म्हंजी पाव घर झालं," कुणीतरी म्हणालं. "मग पाव घराला अर्धा रंग कसा काय लावला वो?"

मांडव हसून आडवा! लोकांनी पोटं धरली. मीसुद्धा हसले असते, पण माझं लक्ष आबांकडं होतं. आबा काठी टेकून उठत होते. घोंगडं काखेत मारलं. पाचची एसटी अजून मिळत होती. फेटा, फ्लेक्स, रंग, सगळं गेलं खड्ड्यात, आता बाप परत चालला आणि तोही भर मांडवातनं, असं वाटून मला रडूच आलं. माईक चालू होता. माझा हुंदका पार कोपऱ्यावरच्या मेडिकलपर्यंत ऐकू गेला म्हणे.

आबा स्टेजपाशी आले. साहेबांपुढं उभे राहिले. डोक्यावरचा पटका नीट केला.

"सायेब, रामराम. रान तुमचं हाय. एक रात मुक्काम करू का?"

साहेब गोंधळले. "अहो आजोबा, घर तुमच्या मुलीचंच आहे. आमच्याकडं फक्त तारण आहे. विचारायचं काय त्यात?"

"तसं नसतंय. मालकाला इचारल्याबिगर आमी कवा कुणाच्या रानात बसलो न्हाई."

"करा की मग! खुशाल करा!"

"अन् बसवल्याबद्दल काय देता? आदी मालक जोंधळं द्यायचं."

साहेबांनी इकडंतिकडं बघितलं आणि मी दिलेला नारळ आबांच्या हातात ठेवला. आबांनी तो कपाळाला लावला. मग आत गेले आणि घोंगडं अंथरलं. कुठं? अहो, बँकेच्या अर्ध्यात, टीव्हीपुढं! म्हणाले, "परवानगी हिकडची हाय. तुज्या वाट्याचं अजून ठरायचंय."

पंगत बसली. लोक असे जेवले की भाकरी पुन्हा थापाव्या लागल्या. दुसऱ्याचं हसं झालं की भूक वाढते वाटतं.

सकाळी उठले तर आबा मोरीपाशी चुळा भरत होते. मी नुसती दारात उभी राहून बघत राहिले. मग ते ओट्याशी येऊन बसले आणि म्हणाले, "च्या कर." दहा वर्षं मी या दोन शब्दांची वाट बघत होते. साखर दोनदा पडली चहात.

"आबा, मालकाला इचारून ऱ्हायचं हुतं तर आदीच ऱ्हायचं की!"

"ते कालच सुचलं बग. तू माईकवर रडलीस तवा." बशीत चहा ओतून त्यांनी फुंकर मारली. "दोघंबी येडीच. मी तिकडं निम्म्याची वाट बघतोय, तू हिकडं."

मी त्यांच्या कपात आणखी चहा ओतला.

"जेवान झ्याक झालं पर. बोकाड कवळं हुतं. लय खर्च झाला आसंल?"

"लाखभर झाला सगळा मिळून."

"कुठनं आणलं?"

मी गॅस पुसायला लागले. "बँकेतनं."

"म्हंजी त्ये सायेब म्हनलं त्यातच? बारा वर्सं?"

"व्हय."

आबांनी बशी खाली ठेवली आणि माझ्याकडं बघितलं. हसू मिशीत मावत नव्हतं त्यांच्या.

"पोरी, जलमभर मेंढरं राखली म्या. पर पोटात गेल्याली बोकडं बारा वर्सं चारनारी तू पयलीच गं!"

आता आबा दर महिन्याला मुक्कामाला येतात. यायच्या आधी साहेबांना फोन करतात, "सायेब, येतूय बरं का रानात." साहेबही म्हणतात, "या, या." टॉप-अप मी ब्लाऊज शिवून आधी फेडायचं ठरवलंय, बघू. हॉलमधली रेघ पुसली, बाहेरचा रंग मात्र तसाच आहे. उरलेलं रंगवायला पैसे कुठनं आणू? परत टॉप-अप?

आणि हप्ता कापल्याचा मेसेज आला, की आमचे मालक टीव्हीवरची नजर न हलवता आतल्या खोलीकडं ओरडतात, "मंगल, बोकडाला चारा पडला गं!"